आठ सेकंदांचा तुकडा

सावरगावच्या बाजूला, जाम नदीच्या काठावर आम्ही पडदा बांधत होतो. दुपारचे चार वाजले असतील. मी शिडीवर उभा राहून वरच्या दोरीला गाठ मारत होतो. खालून कोणीतरी ओरडलं, "ऑपरेटर कोन हाय?"

ड्रायव्हर रहमानभाईंनी माझ्याकडे बोट दाखवलं. विचारणाऱ्याने सायकल स्टँडवर लावली नाही, सरळ जमिनीवर टाकली. तिशी-पस्तिशीचा माणूस, डोक्यावर, मिशांवर, सदऱ्यावर सगळीकडे कापसाचे तंतू. पांढुर्ण्याच्या एखाद्या जिनिंग फॅक्टरीतून पाळी संपवून तसाच आलेला.

"तुमीच का रामाकोन्याले भोंग्यावर बोलले होते?"

"हो. का?"

"खाली या. तुमच्यानं माया बहिणीचा पाट मोडला."

मी खाली उतरलो. तेव्हा मला खरंच वाटलं की या माणसाची काहीतरी गल्लत झाली आहे. गल्लत झालेली नव्हती, हे पुढच्या पाच मिनिटांत कळलं.

माझी नोकरी आधी सांगतो. नागपूर जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी होती, तेव्हा मी सरकारच्या प्रचारगाडीवर ऑपरेटर होतो. खात्याचं नाव सांगत नाही, ते आता त्या नावाने उरलेलंही नाही. गाडीत सोळा मिलिमीटरचा प्रोजेक्टर, वीज करायला जनरेटर, पडदा, भोंगा आणि माईक. छिंदवाडा जिल्ह्याचा सौंसर-पांढुर्ण्याचा मराठी पट्टा माझ्याकडे होता. गावोगाव जायचं, दिवेलागणीनंतर देवीची लस, विहिरीची जंतुनाशक पूड, जपानी भातशेती असल्या फिल्मा दाखवायच्या. फिल्मा बहुतेक इंग्रजीत, क्वचित हिंदीत. म्हणून कामाची पद्धत अशी की फिल्मचा आवाज पार खाली घ्यायचा आणि ऑपरेटरने माईकवर गावच्या भाषेत सांगत जायचं. सोबत एक टाइप केलेला कागद असायचा, त्यात गोष्ट थोडक्यात दिलेली असायची. कागदात असेल ते सांगायचं, नसेल ते पदरचं घालायचं. सगळे ऑपरेटर घालायचे. मला जरा जास्तच जमायचं आणि त्याचा मला गर्व होता.

त्या वर्षी दिल्लीतल्या कुठल्याशा परदेशी लायब्ररीतून एक डबा उसना आला. फ्रेंच फिल्म, बारा मिनिटांची, दुसऱ्या महायुद्धानंतर काढलेली. नाव फ्रेंचमध्ये होतं. ते वाचता येईना म्हणून आमच्या स्टोअरकीपरने डब्यावर खडूने 'शोध' लिहिलं आणि पुढे सगळे तेच म्हणू लागले. नट वगैरे कोणी नाही, खरी माणसं. लढाईत कैद झालेले लोक गाडीगाडीने परत येत आहेत. स्टेशनावर गळाभेटी चालल्या आहेत. काळ्या कोटातली एक बाई नवऱ्याचा फोटो हातात धरून त्याला शोधते आहे. दवाखान्यात विचारते, कचेरीत विचारते, भिंतीवर लावलेल्या याद्या बोटाने वाचते. शेवटी एका खिडकीतला कारकून वही चाळतो आणि मान हलवतो. बाई तिथून निघते आणि शेजारच्या खिडकीच्या रांगेत जाऊन उभी राहते. तिथे फिल्म संपते.

पहिल्यांदा ती सौंसरला दाखवली. कागदात होतं तेवढंच बोललो. संपल्यावर लोक पडद्याकडेच बघत राहिले. पुढे बसलेल्या एका म्हाताऱ्याने विचारलं, "मंग? सापडला का नाही?"

"नाही सापडला, बाबा."

"मंग दाखवलं काहून?"

हे मी इमानेइतबारे रिपोर्टात लिहिलं. आमचे साहेब होते पिंपळकर. नागपूरचेच, इस्त्रीचे कपडे, हातात लाल पेन्सिल. त्यांनी मला टेबलापुढे उभं केलं.

"'लोक उदास होऊन घरी गेले.' हे तू काय लिहिलं आहेस?"

"तसंच झालं, साहेब."

"सरकार गाडी कशाला पाठवतं? लोकांना उदास करायला? माणूस कार्यक्रमातून आशा घेऊन गेला पाहिजे. शेवट नीट कर."

"शेवट फिल्ममध्येच तसा आहे, साहेब."

"मग तू कशाला आहेस?"

मी सहा वर्षं टेम्पररी होतो. कन्फर्म होण्याची माझी फाईल त्याच टेबलावर, त्याच लाल पेन्सिलीखाली पडलेली होती. पण सगळं साहेबांवर ढकललं तर तेही खोटं होईल. त्यांनी फक्त शेवट नीट कर म्हटलं. कसा, ते मला सुचलं आणि सुचल्यावर मी खूश झालो.

फिल्मच्या सुरुवातीला, त्या स्टेशनावरच्या गर्दीत, आठ सेकंदांचं एक दृश्य होतं. काळ्या कोटातली एक बाई, पाठमोरी, धावत जाऊन एका शिपायाच्या गळ्यात पडते. ही बाई वेगळी, शोधणारी वेगळी. पण पाठीमागून कोट तो कोट. शिपायाचं तोंड टोपीखाली झाकलेलं. आठ सेकंद म्हणजे जेमतेम पाच फूट फिल्म. मी तो तुकडा कात्रीने काढला आणि शेवटी जोडला. फिल्म जोडण्याला स्प्लाइस म्हणतात. ब्लेडने फिल्मच्या कडेचा थर खरवडायचा, त्यावर फिल्म-सिमेंट लावायचं, दुसरं टोक ठेवून दाबून धरायचं. त्या सिमेंटला पिकल्या केळ्यासारखा वास येतो. तुटलेली फिल्म जोडायला आम्ही रोज हे करायचो. उसन्या आणलेल्या फिल्मची कापाकापी मात्र गुन्ह्यात जमा. तो मी गाडीच्या मागच्या फळीवर बसून, विडी ओढत केला.

आता बाई शेजारच्या खिडकीकडे जायची आणि लगेच नवऱ्याच्या गळ्यात पडायची. त्याच्यावर मी माईकवरून म्हणायचो, "आणि सापडला! ज्यांचं माणूस लढाईत हरवलं त्यांनी आशा सोडू नये. सरकारदफ्तरी प्रत्येकाची नोंद आहे."

शेवटचं वाक्य साहेबांना फार आवडलं. रामाकोन्याच्या बाजारात ते मी पहिल्यांदा म्हटलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्या गर्दीत पार्वता नावाची एक बाई सासूला घेऊन बसली होती, हे मला कळायचं काही कारण नव्हतं.

सायकलवाला तिचा भाऊ, वासुदेव. नदीकाठी मला त्याने जे सांगितलं ते असं. पार्वताचा नवरा किसन लढाईच्या काळात लष्करात लॉरीवर ड्रायव्हर म्हणून भरती झाला. लग्नाला दीड वर्ष झालेलं, मूल नाही. आफ्रिकेत तो पकडला गेला. मग कैद्यांच्या छावण्यांतून दोन-तीन कार्डं आली. शेवटचं कार्ड फ्रान्समधल्या छावणीतलं. त्यानंतर काही नाही. लढाई संपल्यावर लष्कराचं पत्र आलं, बेपत्ता, मृत समजावा. पार्वता सासूजवळच राहिली. शेती दोघीच बघत. आठ वर्षं अशी गेली. मग सासूनेच वासुदेवला बोलावून घेतलं. म्हणाली, माझं पोरगं गेलं, आता या पोरीचा जन्म कशाला जाळायचा, हिचा पाट लावून दे.

पाट म्हणजे विधवेचं दुसरं लग्न. आमच्याकडच्या शेतकरी घरांत त्याला कोणी नावं ठेवत नाही. वाजंत्री नसते, फार माणसं नसतात. नवं लुगडं, नव्या बांगड्या, की झालं. मात्र एक गोष्ट पक्की लागते. पहिला नवरा जिवंत नाही याची. तो जिवंत निघाला तर बाई कुठलीच राहत नाही.

पार्वताला राजी करण्यात वासुदेवची दोन वर्षं गेली होती. नवरा मुलगा त्याच्याच फॅक्टरीतला फिटर, नारायण. बायको बाळंतपणात गेलेली. शांत माणूस, पार्वताला बघून गेला तेव्हा तिने लावलेल्या संत्र्याच्या कलमांविषयी विचारत बसला होता. तिला ते आवडलं होतं. होळीनंतरचा दिवस ठरला होता.

"आन मंग तुमी आले," वासुदेव म्हणाला. "घरी येऊन म्हनते, मी पाट लावत नाही. काहून म्हटलं, तर म्हनते सरकारनं सांगतलं, सगळ्याइची नोंद हाय दफ्तरात. ते गोरी बाई त्याच मुलकातली हाय म्हनते जिथून किसनचं कार्ड आलं. तिले भेटला, मंग मले काहून नाही भेटन? सासूनं तं गावात गूळ वाटला, साहेब. पोरगं जित्तं हाय म्हून गूळ वाटून राहिली ते!"

मी म्हणालो, "अरे, तो सिनेमा आहे."

"सरकारी गाडी हाय का नाही?"

"आहे."

"भोंगा सरकारी हाय का नाही?"

रहमानभाई दुसरीकडे तोंड करून खुंटी ठोकत होते. त्यांनी मला तुकडा जोडताना पाहिलं होतं.

"तुमीच चाला," वासुदेव म्हणाला. "मायं आयकत नाही ते. ज्यानं सांगतलं त्यानंच येऊन सांगा, का खोटं होतं."

तिसऱ्या दिवशी सकाळी मी रामाकोन्याजवळ पार्वताच्या गावात गेलो. वासुदेव बरोबर होता. पार्वता अंगणात तूर बडवत होती. तीस-बत्तीसची, उन्हाने रापलेली, हाताला घट्टे. मला पाहून तिने पदर सारखा केला आणि आत हाक मारली. सासू बाहेर आली. मी कोण हे कळल्यावर म्हातारी माझ्या पाया पडायला वाकली. मी मागे सरलो. ती म्हणाली, "तुमच्या तोंडात साखर पडो, बाप्पा." आणि खरंच वाटीत साखर घेऊन आली.

खोटं कबूल करायला आलेल्या माणसाच्या हातात साखरेची वाटी आली, तेव्हाच माझा अर्धा धीर गेला. तरी बोललो. म्हटलं, "बाई, त्या सिनेमात त्या बाईला नवरा सापडला ते खरं नाही. तो शेवट मी जोडला. ती बाईच वेगळी आहे."

पार्वता शांतपणे ऐकत होती. मग भावाकडे बघून म्हणाली, "यायले तू शिकवून आनलं ना?"

"नाही व माय! इच्यार त्यायले!"

"शपथेवर सांगतो," मी म्हणालो.

"तुमी त्या दिशी सांगत होते तवा शपथ नोती का?" तिने मला विचारलं. आवाज चढवला नाही. "मी आपल्या डोयानं पायलं. ते पळत गेली आन त्याच्या गळ्यात पडली. मी का आंधळी हाय? आज माया भाऊ संग घेऊन आला तं तुमचं बोलनं बदललं."

वासुदेव मधे पडला, "आन नारायनचं काय? तो थांबून राहिला ना."

पार्वताने मोगरी पुन्हा उचलली. "त्यायले म्हना, थांबू नका. लोकाचा जीव कायले टांगून ठेवायचा?" दोन फटके मारून म्हणाली, "चांगला मानूस होता."

तिला तो हवा होता. हे तिने सांगायची गरज नव्हती, आवाजात होतं. परत येताना मला स्वतःची शिसारी आली. मीच ते पाच फूट कापले होते, विडी ओढत.

एकच उपाय दिसत होता. तुकडा जिथून काढला तिथे परत लावायचा आणि रामाकोन्याला खरी फिल्म दाखवायची. डोळ्याने पाहिलेलं डोळ्यानेच खोडलं जाईल, असा माझा हिशेब. मी साहेबांकडे गेलो आणि रामाकोन्याचा कार्यक्रम पुन्हा मागितला.

"कशासाठी?"

मी सगळं सांगितलं. तुकडा कापल्याचंही. पिंपळकरांनी उठून दार लावलं.

"हे तू मला सांगितलेलं नाहीस," ते म्हणाले. "लायब्ररीची फिल्म कापली म्हणून तुझी नोकरी जाईल, ते सोड. पण आपल्या भोंग्यावरून चुकीची माहिती दिली, असं आपणच जाऊन जाहीर करायचं? वर रिपोर्ट गेला आहे. 'कार्यक्रम परिणामकारक.' शेरा आला आहे."

"साहेब, एका बाईचं लग्न मोडलं."

"लग्नं मोडतात. तुझ्या कन्फर्मेशनची फाईल महिन्याभरात सही होऊन येईल. घाई करू नकोस."

मी घाई केली नाही. हे मी लिहितो आहे, कारण हे लिहिल्याशिवाय बाकीच्याला अर्थ नाही. मी महिना थांबलो. फाईल आली नाही म्हणून आणखी एक थांबलो. मग पावसाळा लागला, पावसाळ्यात गाडी गावोगाव फिरत नाही. दर वेळी थांबायला काहीतरी कारण होतं आणि दर वेळी ते मला पटत होतं. होळी कधीच होऊन गेली होती. नारायण मात्र तरीही थांबला होता, हे मला वासुदेवच्या कार्डावरून कळलं. त्याने लिहिलं होतं, दिवाळीपर्यंत वाट बघतो म्हणतो, तुमचं काही होत असेल तर करा.

त्याच सुमारास राज्याच्या पुनर्रचनेचं ठरलं. छप्पन्नच्या नोव्हेंबरपासून नागपूर-विदर्भ मुंबई राज्यात, छिंदवाडा नव्या मध्य प्रदेशात. आमच्या हातात ऑप्शन फॉर्म दिले, कुठलं राज्य हवं ते लिहा. ऑफिसात दुसरं बोलणं नव्हतं. टेबलं, पंखे, फाईली, गाड्या, सगळ्यांची वाटणी चालू होती. पिंपळकरांनी भोपाळ लिहिलं, तिथे बढती होती. मी नागपूर लिहिलं, तिथे माझं घर होतं. म्हणजे नोव्हेंबरनंतर रामाकोना माझ्यासाठी परराज्य. आता मात्र थांबायला कारण उरलं नाही.

ऑक्टोबरच्या शेवटच्या दौऱ्यात मी रहमानभाईंना म्हणालो, "पांढुर्ण्याच्या आधी रामाकोना करू. टूर प्रोग्रामात नाही."

ते म्हणाले, "मैं तो कब से बोलनेवाला था."

तुकडा मी जागच्या जागी लावला. दोन स्प्लाइस, वीस मिनिटांचं काम. आठ महिने मी वीस मिनिटांचं काम टाळत होतो.

वासुदेव दोघींना घेऊन आला. नारायणही आला होता, मागे उभा होता. बाजार भरगच्च होता. मी कागदात होतं तेवढंच बोललो, एक शब्द जास्त नाही. सुरुवातीला स्टेशन आलं. काळ्या कोटातली बाई धावत शिपायाच्या गळ्यात पडली. आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

तेव्हाच मला माझी चूक दिसली. हे मला आधी सुचायला हवं होतं. आठ महिन्यांपूर्वी मीच या सगळ्यांना शिकवलं होतं की ही पाठमोरी बाई म्हणजे तीच बाई. आता ती त्यांना सुरुवातीलाच नवऱ्याला भेटताना दिसली. त्यानंतर ती दवाखान्यात गेली, कचेरीत गेली, याद्या वाचू लागली. लोकांत कुजबुज सुरू झाली. कारकुनाने मान हलवली. बाई शेजारच्या रांगेत उभी राहिली. मी माईकवर म्हणालो, "त्या बाईला तिचा नवरा सापडला नाही. गोष्ट इथे संपते."

"ओ ऑपरेटर, शेवट कापला!" कोणीतरी ओरडलं.

"सरकार बदलून राहिलं ना भाऊ, म्हून फिलिम बी बदलली!" दुसरा म्हणाला. लोक हसले.

मी माईकवर समजावत राहिलो. स्टेशनावरची बाई वेगळी आहे, मागच्या खेपेला मी चूक केली, मला माफ करा. जितकं समजावलं तितकं हसणं वाढलं. शेवटी रहमानभाईंनीच जनरेटर बंद केला.

पार्वता गाडीजवळ आली. गॅसबत्तीच्या उजेडात तिचा चेहरा मला स्पष्ट दिसत होता. वासुदेव आशेने तिच्याकडे बघत होता. मी म्हणालो, "पाहिलंत ना बाई? नाही सापडला."

"सापडला होता," ती म्हणाली. "पयलेच सापडला होता. गळ्यात पडली ते. मंग पुन्हा कोठीतरी गेला, म्हून शोधून राहिली. मनजे जित्ता हाय ना तो. मेलेल्या मानसाले कोनी दुसऱ्या खिडकीवर शोधते का?"

वासुदेवने कपाळावर हात मारला. सासू मागून म्हणाली, "बरोबर बोलून राहिली ते."

पार्वताने कमरेचा बटवा सोडला आणि चौपदरी घडी केलेला कागद काढला. शाळेच्या मास्तरांकडून लिहून घेतलेला अर्ज. किसनचं नाव, लष्करातला नंबर, छावणीच्या शेवटच्या कार्डाची नक्कल. खाली तिचा अंगठा. वर लिहिलं होतं, 'सरकारदफ्तरी नोंद असल्याचे आपल्या भोंग्यावरून कळले, त्यावरून अर्ज करते की.'

"तुमच्या दफ्तरात द्या जा," ती म्हणाली. "तुमीच म्हटलं होतं ना, सगळ्याइची हाय म्हून."

मी तो घेतला. न घेण्याची हिंमत नव्हती. मान वर केली तेव्हा नारायण निघून गेला होता. दिवाळीनंतर त्याने काटोलकडच्या एका बाईशी पाट लावला. त्याच्यावर रागावण्याचा हक्क कोणालाच नव्हता.

अर्जाचं काय झालं तेही सांगतो. नागपूरला मी तो रीतसर दाखल केला. उत्तर आलं, अर्जदार छिंदवाडा जिल्ह्यातील, सबब या राज्याशी संबंध नाही. मी तो भोपाळला पाठवला, पिंपळकरांच्याच नावाने. तिथून चार महिन्यांनी आला, अर्ज ज्या कार्यालयाच्या घोषणेवरून केला ते कार्यालय आता अस्तित्वात नाही. लष्कराकडे पाठवला तर त्यांनी जुन्या पत्राची नक्कल जोडून दिली. मृत समजावा. ते सगळे कागद मी रजिस्टर पोस्टाने पार्वताला पाठवले. स्वतः गेलो नाही.

त्याच वर्षी मी कन्फर्म झालो. सर्व्हिस बुकात पिंपळकरांनी जाण्यापूर्वी शेरा लिहून ठेवला होता, 'निवेदनात विशेष कौशल्य.' तो शेरा मला निवृत्त होईपर्यंत उपयोगी पडला.

बारा-तेरा वर्षांनी एका लग्नासाठी सौंसरला गेलो होतो. बाजारात संत्र्याचा भाव विचारत होतो. माझ्याकडे पाठ करून पेटी भरत बसलेली बाई एकदम थांबली आणि वळली. केस बरेच पांढरे. हातात हिरव्या बांगड्या.

"आवाज वयखला मी," ती म्हणाली. "भोंग्यावाले ना तुमी?"

मी हो म्हटलं. वासुदेवची चौकशी केली. तो तिच्याशी बोलत नाही, म्हणाली. सासू वारली. शेवटपर्यंत दाराकडे तोंड करून निजायची. मला वाटलं, आता ती मला बोलेल. ती बोलली असती तर बरं झालं असतं. तिने चांगली चार संत्री निवडून माझ्या पिशवीत घातली.

"कागदं भेटले तुमचे," ती म्हणाली. "मास्तरनं वाचून दाखवले. एक दफ्तर म्हनते आमचं नाही, दुसरं म्हनते आमचं नाही. कोन्या तिसऱ्याचं असन."

"बाई, तिसरं दफ्तर नाही."

तिने ते ऐकलं नाही, किंवा ऐकायचं नव्हतं. थोडा वेळ पेटीतलं गवत सारखं करत राहिली. मग विचारलं, "ते फिलिम हाय का तुमच्याजवळ? पयली. जिच्यात शेवटी भेटते ते."

"नाही. दिल्लीला परत गेली."

"मंग एक सांगा. भेटल्यावर ते त्याले काय म्हनाली? तुमी सांगतलंच नाही त्या दिशी."

आयुष्यभर मी दुसऱ्यांच्या तोंडचं बोलत आलो. कोणत्याही चित्रावर बोलायला मला कधी शब्द कमी पडले नाहीत. तिथे मी पिशवी हातात धरून उभा राहिलो आणि मग लग्नाला उशीर होतो म्हणून निघालो.

पुढे खात्यात नव्या ऑपरेटरांना शिकवायचं काम माझ्याकडे आलं. पहिल्या दिवशी मी सगळ्यांना सांगायचो, कागदात आहे तेवढंच बोला आणि फिल्मला कात्री लावू नका. दर बॅचला कोणीतरी विचारायचा, का? मी सांगायचो, प्रिंट खराब होते.